नहरीतून घरी आलेली मुलगी

मंगलताई,

तुम्हाला 'तुम्ही' म्हणायला मला तुम्ही गेल्यावरच जमतंय. दोन वर्षं तुम्ही मला 'सर' म्हणालात आणि मी तुम्हाला 'मंगल, तू'. तुम्ही माझ्यापेक्षा बारा वर्षांनी मोठ्या होतात, माझ्या थोरल्या बहिणीपेक्षाही मोठ्या. तिला नुसत्या नावानं हाक मारायची माझी आजही हिंमत नाही. तुम्हाला मात्र पहिल्याच दिवशी, सायकली पुसायचं फडकं हातात देताना, सहज 'मंगल' म्हणालो. त्यात काही वावगं आहे असं कुणाला वाटलं नाही. म्हणजे मला वाटलं नाही. तुम्हाला कुणी विचारलं होतं?

आज एकोणीस दिवस झाले. उस्मानपुऱ्यातल्या गाळ्याचं शटर मी रोज सकाळी साडेपाचला उघडतो. पूर्वी मी यायचो तेव्हा ते उघडलेलं असायचं. तुम्ही दौलताबादहून पहिली रिक्षा धरून आलेल्या असायच्या, आठही ई-सायकली चार्जरवरून काढून, हवा बघून, रांगेत उभ्या केलेल्या असायच्या. मी चहाचा ग्लास हातात घेऊन यायचो आणि 'झालं का गं?' एवढंच विचारायचो.

तुम्ही आलात तेव्हा वाळूजच्या कंपनीतलं कंत्राटी काम सुटलं होतं. दहा वर्षं पार्टला रबर बसवायचं काम, उभ्यानं, शिफ्टच्या बसनं जाणं-येणं. पाहुण्यांना सायकलींवरून शहर दाखवायचा माझा धंदा, मला फक्त सायकली धुवायला आणि चार्ज करायला माणूस हवं होतं. चौथ्या की पाचव्या दिवशी तुम्ही एका सायकलीचं हँडल धरून विचारलंत, "सर, ह्याला पायडल मारायचं का नाय मारायचं?"

"मारलं तरी चालतं, नाही मारलं तरी चालतं."

"मंग लोक फिरतेत कशाला? घरी बसलं तरी चालतंय की."

मी हसलो होतो. ते हसणं बरं होतं. त्याच आठवड्यात आमखास मैदानावर तुम्ही सायकल शिकलात. खालून वाकलेल्या दांड्याची सायकल, पदर कमरेला खोचलेला, पायात मुलीचे जुने बूट. मोटरनं पहिला झटका दिला तेव्हा तुम्ही "आगं आई" असं ओरडलात की क्रिकेट खेळणारी पोरं थांबली. तीन दिवसांनी मी तुम्हाला पिवळं जॅकेट दिलं आणि सगळ्यात शेवटी ठेवलं. पुढे मी, मध्ये सहा पाहुणे, मागे तुम्ही.

शेवटच्या सायकलवाल्याचं काम किती मोठं असतं, हे मला आता कळतंय, कारण ते आता दुसरं कुणी करू शकत नाहीये. भडकल दरवाज्यापासून निघालं की रिक्षा, हातगाड्या, शाळेच्या व्हॅन, मधूनच निवांत उभी गाय. तुम्ही मागून एक हात वर करायच्या आणि तीन भाषा एका श्वासात बोलायच्या. "थांबा भाऊ, पावणे चाललेत. ओ चाचा, जरा रुको ना, मेहमान जारे. मॅडम, यू गो, गो!" एकदा मी विचारलं, एवढ्या गर्दीत एकही पाहुणा कसा चुकत नाही? तुम्ही म्हणालात, "आमी मेंढरंवाले, सर. पुढचं मेंढरू जातंयच. मागचं बघाव लागतं." हे वाक्य मी पुढं कितीतरी वेळा पाहुण्यांना विनोद म्हणून सांगितलं. तुमच्याकडे बोट दाखवून. तुम्ही लांबूनच हात हलवायच्या, आपल्याबद्दल काहीतरी चांगलं सांगतायत असं समजून.

आमच्या घरात पिढ्यान्पिढ्या पूजा सांगायची आणि कचेरीत कारकुनी करायची. निजामाच्या काळात आजोबांचे वडील उर्दूत अर्ज लिहून द्यायचे. शब्द हीच आमची शेती. भाषा नीट बोलणारा माणूस नीट असतो आणि 'व्हय-नाय' करणाऱ्याला थोडं सांभाळून घ्यायचं असतं, ही समजूत मला कुणी शिकवली नाही, ती दुधासारखी अंगात गेली. हे कारण म्हणून सांगत नाही. फक्त तुम्हाला हे आधीपासून ठाऊक असणार आणि मला चाळिशी जवळ आल्यावर कळलं, एवढंच.

तो पाणचक्कीचा दिवस तुम्हाला आठवत असेल. मी हौदापाशी उभं राहून नहरीबद्दल सांगत होतो. चारशे वर्षांपूर्वी डोंगरातलं पाणी जमिनीखालून शहरात कसं आणलं, वगैरे. पुण्याच्या एका आजोबांनी विचारलं, "मग वाटेत हे मनोरे कशासाठी बांधलेत?" मी बिनधास्त ठोकून दिलं, "टेहळणीसाठी." मागून तुमचा आवाज आला, "नाय सर. ती हवा जायला हायेत. खाली हवा कोंडली का पाणी वर चढत नाय. माझा बाप त्याला धुरांडं म्हणतो."

आजोबांनी मान डोलावली, पाहुणे तुमच्याकडे वळले. माझे कान तापले. मी "चला, उशीर होतोय" म्हणून पुढची सायकल काढली.

पण त्या रविवारी मीच तुम्हाला म्हणालो, दाखव मला. आपण दोघं दोन सायकलींवर शहराच्या बाहेर निघालो, दिल्ली दरवाज्यातून हर्सूलकडे आणि तिथून जटवाड्याच्या डोंगराच्या अंगानं, तुमच्या माहेरच्या बाजूला. माझ्या आयुष्यातल्या चांगल्या दिवसांपैकी तो एक होता. हे मी तुम्हाला कधी सांगितलं नाही. शेतात, नाल्याच्या कडेला, एका प्लॉटिंगच्या कुंपणाच्या आत, असे विटांचे मनोरे उभे होते. कुणाला पिंपळ फुटलेला, कुणाचं तोंड ढासळलेलं. तुम्ही एकेकाला नावानं ओळखत होता. 'हे तुटकं', 'हे घुबडाचं', 'हे बाभळीपाशचं'. एका मनोऱ्याला कान लावून तुम्ही मला खूण केलीत. मीही कान लावला. विटा उन्हानं तापलेल्या होत्या आणि खूप खालून, थंडगार, पाणी चालल्याचा आवाज येत होता. अजून चालू होतं ते.

तिथंच सावलीत बसून तुम्ही फडक्यातली भाकरी सोडलीत, मिरचीचा ठेचा माझ्या भाकरीवर घातलात आणि ती गोष्ट सांगितलीत.

तुम्ही आठ वर्षांच्या. कळप मनोऱ्याच्या सावलीला बसलेला. एक कोकरू ढासळलेल्या तोंडावर चढलं आणि आत पडलं. वरून त्याचं ओरडणं ऐकू येत होतं. बापाचं अंग त्या तोंडातून जाईना. त्यानं तुमच्या कमरेला चऱ्हाट बांधलं आणि तुम्हाला आत सोडलं. खाली गुडघाभर पाणी, अंधार, गाळाच्या ढिगावर थरथरणारं कोकरू. तुम्ही चऱ्हाट सोडून आधी ते कोकराला बांधलंत. कोकरू वर गेलं. मग दोर परत खाली आला तेव्हा अर्ध्यातच घासून तुटला होता. तो तुमच्या हाताला येईना.

"मंग?" मी विचारलं. मीही 'मंग'च म्हणालो होतो.

"मंग बाप वरून वराडला, पाणी जिकडं जायलंय तिकडं चाल. म्होरच्या धुरांड्यात ये. अन् पळाला. म्होरच्या धुरांड्यावर जाऊन काठी आपटाय लागला. ठक, ठक, ठक. मी भितीला हात लावून चालले. काय दिसंना. पण काठीचा आवाज यायचा. जिकडून आवाज तिकडं जायचं. मधी वाटलं आता नाय भेटत. तरी ठक ठक चालूच. मंग उजेड दिसला अन् बापाचं डोस्कं दिसलं. म्होरचं धुरांडं बुटकं व्हतं, त्यानं हात घालून वढलं मला."

"मग?"

"मंग काय. घरी गेलो."

मला अजून आठवतं, तुम्ही 'ठक ठक' म्हणताना हाताची मूठ करून गुडघ्यावर आपटत होता.

त्या गोष्टीवर मी नवीन फेरी सुरू केली. शनिवारी सकाळी, 'पाण्याच्या वाटेनं'. मनोऱ्याला कान लावायला लावायचो. लोक वेडे व्हायचे. आणि तिथं मी गोष्ट सांगायचो. पण तुमची नाही. शंभर वर्षांपूर्वीची एक धनगराची पोर. कोकरू वाचवायला ती नहरीत उतरली. कोकरू वर आलं, पोर आली नाही. आणि अजूनही मनोऱ्याला कान लावला की पाण्यात तिच्या पैंजणांचा आवाज येतो.

पैंजण माझे होते. तुमच्या पायात तेव्हा चप्पलही नव्हती.

पहिल्यांदा ही गोष्ट सांगितली तेव्हा तुम्ही नेहमीप्रमाणे शेवटी उभ्या होता, सायकल स्टँडला लावून. मला वाटलं होतं तुम्ही ओळखणार नाही. परत आल्यावर गाळ्यात हेल्मेटं पुसत पुसत तुम्ही म्हणालात, "सर, मी शंभर वर्षाची झाले का? वर मेले बी?"

तुम्ही हसत होता. मीही हसलो. म्हणालो, "गोष्टीला शेवट लागतो, मंगल. कोकरू आलं, पोर आली, घरी गेली. त्यात काय आहे?"

"त्यात काय नाय?" तुम्ही फडकं खाली ठेवलंत. "घरी गेले की मी! त्याच्यापरीस मोठं काय असतं?" आणि थोड्या वेळानं, "अन् बापाला कशाला काढलं? त्यो केवढा पळाला."

मी काय उत्तर दिलं? बहुतेक फोन आला होता, म्हणून दिलंच नाही. नंतर कधी तरी मी तुम्हाला समजावलं होतं की हा धंदा आहे, पाहुण्यांना अंगावर काटा यायला हवा, बाप आला की गोष्ट ढिली पडते. तुम्ही "व्हय सर" म्हणालात. 'व्हय' म्हणजे पटलं असं मी धरलं. आता वाटतं, तुमच्या 'व्हय'चे किती प्रकार होते आणि मला एकच ऐकू यायचा.

आणि मग तो शनिवार. सगळं लिहायचं तर तो टाळून चालणार नाही, पण तीन वेळा लिहून खोडला आहे.

मुंबई-पुण्याचे सहा जण होते, जुन्या वास्तूंची आवड असलेले, मोठ्या ओळखीचे. त्यातला एक जण कॅमेऱ्यानं सगळं चित्रित करत होता. ते आपल्याबद्दल चार ठिकाणी बोलले असते तर वर्षभराची काळजी मिटली असती. सकाळी तुम्ही नवीन साडी नेसून आला होता. जॅकेटची चेन लावत तुम्ही म्हणालात, "सर, आज मी सांगू का ते? धुरांड्यापाशी?"

मी म्हणालो, "नको. तुझी भाषा त्यांना कळायची नाही."

ते मराठीच होते, मंगलताई. सगळेच्या सगळे.

मनोऱ्यापाशी मी गोष्ट सांगितली, पैंजणांपर्यंत. कॅमेरेवाला खुश झाला. एक पांढऱ्या केसांच्या, काठापदराची साडी नेसलेल्या बाई मात्र पुन्हा मनोऱ्यापाशी गेल्या, कान लावला आणि मागे वळून तुम्हालाच विचारलं, "तुम्ही इकडच्याच ना? तुम्ही ऐकलाय का आवाज?"

तुम्ही माझ्याकडे बघितलंत. मी दुसरीकडे बघितलं.

"ती मीच व्हते, ताई," तुम्ही म्हणालात. "मेले नव्हते. माझा बाप वरून काठी वाजवत व्हता." आणि तुम्ही मूठ करून सायकलच्या सीटवर आपटून दाखवलीत. ठक, ठक.

सगळे माझ्याकडे बघायला लागले. कॅमेरा माझ्याकडे वळला. त्या एका क्षणात मी काहीही म्हणू शकलो असतो. 'हो, गोष्ट यांचीच आहे, मी थोडी फुलवली.' एवढं म्हटलं असतं तरी लोक हसले असते, तुमच्याभोवती जमले असते, गोष्ट दुप्पट चांगली झाली असती. पण कॅमेरा चालू होता आणि मी नुकताच छातीठोकपणे शंभर वर्षं म्हणालो होतो. मी हसलो. खांदे उडवून म्हणालो, "आमची मंगल गोष्टीत फार रमते. दर आठवड्याला ऐकून ऐकून आता तिला वाटायला लागलंय की तीच ती."

ते हसले. प्रेमानं हसले, तेच जास्त वाईट. एक जण म्हणाला, "क्यूट."

 हेल्मेट घातलंत, पट्टा लावलात. परत येताना दिल्ली दरवाज्यापाशी ट्रॅफिक तुंबला होता, तुम्ही नेहमीसारखा हात वर केलात आणि सहाच्या सहा जणांना सुखरूप पलीकडे काढलंत. फक्त ओरडला नाहीत. नुसता हात.

त्यानंतर दोन महिने तुम्ही येत राहिलात. 'झालं का गं?' विचारलं की 'झालं सर.' मला वाटलं, विसरल्या. खरं म्हणजे असं वाटावं अशी मला सोय करून घ्यायची होती. एकदाच, पाऊस म्हणून फेरी रद्द झाली होती आणि आपण दोघंच गाळ्यात होतो, तुम्ही एकदम म्हणालात, "सर, मला खोटं पाडलं त्याचं जाऊ द्या. बापाला खोटं पाडलं तुम्ही."

मी म्हणालो, "अगं, एवढं काय मनावर घ्यायचं? बोलण्याच्या ओघात होतं."

"व्हय," तुम्ही म्हणालात.

हे आपलं भांडण. सुरू झालं आणि तिथंच राहिलं. त्यापुढचं वाक्य माझं होतं आणि मी ते आजवर बोललो नाही.

मग तुमचा निरोप आला, ताप आहे, येत नाही. तिसऱ्या दिवशी कळलं की सरकारी दवाखान्यात दाखल केलंय, डेंग्यू आहे. दवाखाना गाळ्यापासून सायकलनं दहा मिनिटांवर. मी ठरवलं, रविवारी निवांत जाऊ. शुक्रवारी सकाळी हवा भरायचा पंप सापडेना, म्हणून तुम्हाला फोन केला. तुम्ही उचललात. आवाज खोल गेलेला होता.

"पंप कुठं ठेवलायस?"

"आतल्या खोलीत, सर. दाराच्या मागं. अन् पाच नंबरचा पुढचा ब्रेक ढिला झालाय. पावण्यांना देऊ नका."

"बरं," म्हणालो आणि फोन ठेवला. 'कशी आहेस' एवढंही विचारलं नाही. पंप दाराच्या मागंच होता. पाच नंबरचा ब्रेकही ढिलाच होता.

शनिवारी फेरी होती. फेरी संपवून फोन बघितला तेव्हा तुमच्या मुलीचा, सुनीताचा मेसेज होता.

तेराव्याला मी दौलताबादला आलो. किल्ल्याच्या पायथ्याची ती गल्ली, तुमच्या घराबाहेर घातलेला मांडव, बायका आत, पुरुष बाहेर सतरंजीवर. मी एकटाच इस्त्रीच्या शर्टात. सुनीतानं मला ओळखलं आणि एका म्हाताऱ्या माणसापाशी नेऊन बसवलं. पांढरा फेटा, हातात काठी, गुडघ्यांवर हनुवटी. "आबा, हे आईचे सर. सायकलवाले."

त्यांनी माझा हात दोन्ही हातांत धरला. तुमचे वडील जिवंत आहेत हे मला माहीत नव्हतं, मंगलताई. दोन वर्षांत मी एकदाही विचारलं नव्हतं. गोष्टीतून काढून टाकलेला माणूस माझ्यासमोर बसला होता.

"तुमीच का ते," ते म्हणाले. "लई नाव काढायची तुमचं. म्हणायची, आमचे सर माझी गोष्ट सांगतेत पावण्यांना. लांब लांबचे लोक येतेत, कान लावून ऐकतेत. मी म्हणायचो, व्हय का? तर म्हणायची, व्हय की आबा, तुमचं बी नाव घेतेत."

मी खाली सतरंजीकडे बघत होतो.

"काठीचं सांगता का त्यांना?" त्यांनी विचारलं. "मी आपटत व्हतो ते?"

मला 'हो' म्हणता आलं असतं. सगळं तिथंच संपलं असतं, म्हातारा समाधानानं घरी गेला असता. त्याला त्या दिवशी खरं सांगणं ही दया होती की माझ्याच मनावरचं ओझं त्याच्या डोक्यावर देणं, हे मला अजून ठरवता येत नाही. पण एकदा मी सोयीचं बोलून बघितलं होतं. मी म्हणालो, "नाही आबा. नाही सांगितलं कधी." आणि मग सगळंच सांगितलं. शंभर वर्षं, पैंजण, पोर मेली ते. सहा माणसांसमोर तुम्हाला खोटं पाडलं ते. हळू आवाजात सांगत होतो, तरी आजूबाजूचे आमच्याकडे वळले. सुनीता चहाचे कप घेऊन उभी होती, ती तशीच उभी राहिली.

तुमच्या वडिलांनी माझा हात सोडला नाही. सोडला असता तर बरं वाटलं असतं.

"तवा ती काय म्हणली?"

"काही नाही. हेल्मेट घातलं आणि सायकलवर बसली."

ते कितीतरी वेळ मान हलवत राहिले. "म्हंजी लई लागलं व्हतं तिला," शेवटी म्हणाले. "ल्हान व्हती तवा बी आसंच. खरचटलं तर घर डोक्यावर घ्यायची. लई लागलं का गप."

मग काठी टेकत उठले आणि आत गेले. मला वाटलं, पाणी प्यायला गेले असतील. ते परत बाहेर आले नाहीत. अर्ध्या तासानं सुनीता म्हणाली, "सर, आता तुमी या." तिच्या बोलण्यात राग नव्हता. राग नव्हता म्हणून मी कुठंतरी माफी मिळाली असं समजायचं नाही, एवढं मला आता शिकायला हवं.

तुम्ही वडिलांना सांगत होता की सर तुमचं नाव घेतात. हे तुम्ही माझी लाज झाकायला केलंत की म्हाताऱ्याला सुख द्यायला, की तुम्हाला तसं व्हावं असं वाटत होतं म्हणून? मला कळत नाही. कदाचित तुम्ही त्या दिवसानंतर सांगायचं बंद केलंही असेल. हेही मी विचारू शकलो नाही.

गेल्या शनिवारी मी फेरी नेली. नसती नेली तर बरं झालं असतं, पण बुकिंग आधीचं होतं. मनोऱ्यापाशी गोष्ट सांगितली, तुमच्या नावासकट, तुमच्या वडिलांसकट. तुम्ही सांगितली तशीच, 'घरी गेलो' पर्यंत. त्यात अंगावर काटा येण्यासारखं काही कमी नव्हतं. एका मुलीनं डोळे पुसले. लोकांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्यांनी मला इतकं शरमल्यासारखं झालं की पुढचं अर्धं सांगायचं ठरवलं होतं ते तोंडातून फुटेना. शेवटी सांगितलं. की त्या इथंच शेवटची सायकल चालवायच्या, आणि हे त्यांनी स्वतः सांगितलं तेव्हा मी हसून त्यांना खोटं ठरवलं. पाहुणे चपापले. एकानं घड्याळ बघितलं. खरं सांगून कुणाचं भलं झालं ते मला समजलं नाही. पण घरी आल्यावर लक्षात आलं की ज्यांना सांगायला हवं ते हे नव्हतेच. ते सहा जण आपापल्या घरी गेलेत. त्यांच्या लेखी तुम्ही अजून तीच, गोष्टीत रमणारी बाई.

बुकिंगच्या वहीत त्यांचे नंबर होते. सोमवारपासून एकेकाला फोन करतोय.

दोघांना काही आठवतच नव्हतं. "कोण बाई? मागे कुणी होतं का?" एक जण मीटिंगमध्ये होते, त्यांनी परत फोन केला नाही. एकानं फोन उचललाच नाही. कॅमेरेवाला म्हणाला, व्हिडिओ कधीच टाकून झालाय, आणि पैंजणांचा भागच लोकांना सगळ्यात आवडलाय, आता तो काढता येणार नाही. मी विनवणी केली. तो म्हणाला, बघतो.

त्या पांढऱ्या केसांच्या बाईंचा फोन आज सकाळी लागला. मी नाव सांगितलं, सायकलची फेरी सांगितली. त्यांना लगेच आठवलं. मी पाठ केल्यासारखं बोललो. "मागच्या सायकलवरच्या बाईंची ती गोष्ट खरी होती, ती मुलगी त्याच होत्या, मी तुमच्यासमोर त्यांना खोटं पाडलं, ते चूक होतं."

 मग त्या म्हणाल्या, "मला तेव्हाच खरं वाटलं होतं हो. त्यांनी मूठ आपटून दाखवली ना, ती बनवून दाखवता येत नाही. पण तुम्ही हसलात. तुम्हाला माहीत असणार असं वाटलं. म्हणून मीही हसले."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"गाडीत बसल्यावर मनात आलं होतं, मागे जाऊन त्या बाईंशी बोलावं. मग म्हटलं, जाऊ दे." मग म्हणाल्या, "बरं झालं तुम्ही फोन केलात. त्या आहेत ना आत्ता तिथं? जरा त्यांच्याकडे द्या ना फोन. मला त्यांना स्वतः सांगायचंय."

मी गाळ्यात उभा होतो. माझ्यासमोर आठ सायकली होत्या आणि एकही माणूस नव्हतं.